राजाचं मस्तक गेलं, पुस्तक राहिलं: इंग्लंड, १६४९

पानगळ

३० जानेवारी १६४९. लंडनच्या व्हाइटहॉलमध्ये बँक्वेटिंग हाउससमोर, पार्लमेंटशी युद्ध हरलेल्या राजाच्या शिरच्छेदासाठी मचाण बांधलेलं. कडाक्याची थंडी. अंग कापलं तर लोक म्हणतील राजा घाबरला, म्हणून पहिल्या चार्ल्सने त्या दिवशी अंगात दोन सदरे घातले होते. मचाणाभोवती सैनिकांची एवढी दाटी, की त्याचं शेवटचं भाषण गर्दीपर्यंत पोचलंच नाही. पण मचाणावर ते टिपून घेणारे होते, आणि जे गर्दीला ऐकू आलं नाही ते काही दिवसांत छापून गावभर झालं.

त्याच दिवसांत आणखी एक पुस्तक बाहेर पडलं: 'आयकॉन बॅसिलिकी'. राजाने बंदिवासात स्वतः लिहिलेलं आत्मचिंतन आणि प्रार्थना, असा त्याचा बोलबाला. प्रत्येक प्रकरणात आधी एखाद्या प्रसंगाबद्दल राजाचं म्हणणं, मग त्यावर देवाशी बोलणं. त्या एका वर्षात एकट्या लंडनमध्ये त्याच्या ३५ आवृत्त्या निघाल्या, आयर्लंडमध्ये आणि युरोपात निघाल्या त्या वेगळ्या. आणि हे कधी, तर छापणाऱ्याला केव्हाही धरून नेतील अशा काळात.

पुस्तक उघडताच विल्यम मार्शलने कोरलेलं चित्र आहे. राजा गुडघे टेकून बसलाय. सोन्याचा मुकुट पायाशी पडलाय, हातात काट्यांचा मुकुट आहे आणि नजर वर, ताऱ्यांच्या मुकुटाकडे. मागे खवळलेल्या समुद्रात एक खडक ठाम उभा. बाजूला एक ताडाचं झाड, त्याच्या झावळ्यांना वजनं टांगलेली, कारण ओझं लादलं की ताड जास्त जोमाने वाढतो अशी तेव्हाची समजूत. काट्यांचा मुकुट येशूचा, हे तिथल्या लहान पोरालाही ठाऊक होतं.

माझा मुद्दा आता सांगतो. राजाचं मन छापून लोकांसमोर ठेवायची वाट आधी पार्लमेंटनेच पाडली होती. जून १६४५ मध्ये नेझबीच्या लढाईत राजाचं सामान पार्लमेंटच्या हाती लागलं. त्यात राणी हेन्रिएटा मारियाला लिहिलेली खासगी पत्रं होती. महिन्याभरात ती 'राजाची पेटी उघडली' अशा मथळ्याने छापली गेली. कॅथलिकांवरचे कायदे सैल करायची तयारी, आयर्लंडमधून फौज आणायचे बेत, सगळं उघड्यावर आलं. इंग्लंडमधल्या सामान्य प्रॉटेस्टंट माणसाला याहून मोठा धक्का कोणता? त्या दिवशी लोकांना एक सवय लागली: राजा दरबारात काय बोलतो ते सोडा, एकटा असताना काय लिहितो ते खरं. साडेतीन वर्षांनी राजाच्या माणसांनी त्याच सवयीचा आधार घेतला. 'आयकॉन'मध्ये तर पकडलेल्या पत्रांवर एक अख्खं प्रकरण आहे. पत्रांनी जे गेलं ते प्रार्थनांनी परत आणलं.

याला उत्तर द्यायचं काम सरकारने जॉन मिल्टनला दिलं. तो तेव्हा कौन्सिल ऑफ स्टेटचा, म्हणजे राजानंतर कारभार पाहणाऱ्या मंडळाचा, परभाषांचा सचिव होता. ऑक्टोबर १६४९ मध्ये त्याचं 'आयकॉनोक्लास्टीस' आलं. त्याने राजाचा प्रत्येक युक्तिवाद सोलून काढला. एवढंच नाही, 'आयकॉन'ला जोडलेल्या प्रार्थनांतली एक प्रार्थना फिलिप सिडनीच्या 'आर्केडिया' या प्रेमकथेतल्या पामेला या पात्राच्या तोंडची आहे, हेही दाखवून दिलं. मरणाच्या दारातला धर्मात्मा राजा कादंबरीतली प्रार्थना देवापुढे म्हणतो! एवढं हत्यार हातात असूनही मिल्टनच्या पुस्तकाच्या इंग्रजीत दोनच आवृत्त्या निघाल्या. त्याच्याहून समर्थ गद्य लिहिणारा माणूस तेव्हा इंग्लंडमध्ये नव्हता असं माझं मत आहे, आणि तरी तो हरला. का? यावर इथल्या जाणत्यांचं म्हणणं ऐकायचंय.

जुळारी

उत्तम धागा. आमच्या घरचा ट्रेडलचा छापखाना होता, वडिलांच्या हाताखाली मी खिळे, म्हणजे छपाईची धातूची अक्षरं, जुळवलेत, त्यामुळे माझं लक्ष आधी छापणाऱ्यांकडे जातं.

चोरून आणि घाईने छापायचं असलं की त्या काळी काम वाटून देत. काही फर्मे (एकदम छापायच्या पानांचे संच) एका छापखान्यात, काही दुसऱ्यात. मग पानांचे आकडे जुळत नाहीत, एका भागाचा खिळा झिजलेला आणि दुसऱ्याचा नवा दिसतो. अभ्यासक आज अशाच खुणांवरून कोणतं पुस्तक कुणी छापलं ते ठरवतात. मजकुरावर छापणाऱ्याचं नाव नसलं तरी मोडका खिळा चुगली करतो.

'आयकॉन'चा प्रकाशक रिचर्ड रॉयस्टन, हाडाचा राजनिष्ठ. पण मला जास्त विचारात पाडतो तो विल्यम ड्युगार्ड. हा मर्चंट टेलर्स शाळेचा मुख्याध्यापक आणि जोडीला छापखान्याचा मालक. पानगळ म्हणतात त्या प्रार्थनांसह 'आयकॉन' छापलं ते याने. पुढच्याच वर्षी राजाच्या बाजूचं सॅल्मेशियसचं लॅटिन पुस्तक छापल्याबद्दल सरकारने त्याला न्यूगेटच्या तुरुंगात घातलं. तिथून तो सुटला तो थेट कौन्सिल ऑफ स्टेटचा मुद्रक होऊन. याला संधिसाधू म्हणायला माझी जीभ रेटत नाही. छापखाना जप्त झाला की कामगार, उधारीवर आणलेला कागद, घरची चूल, सगळंच जातं. या इतिहासात मतं लिहिणाऱ्यांची मोजली जातात, पण जोखीम बरोबरीने छापणाऱ्याच्या डोक्यावर होती. १५८४ मध्ये विल्यम कार्टर नावाच्या कॅथलिक मुद्रकाला एका पुस्तकापायी फाशी देऊन त्याचे तुकडे केले. पुस्तकाचा लेखक परदेशातच राहिला आणि दोन वर्षांपूर्वी तिथेच वारला होता.

सावली

प्रश्न विचारते. तेव्हा वाचता येणारे असे किती होते? ३५ आवृत्त्या घेत कोण होतं?

पानगळ

सावली, १६४१-४२ मध्ये सगळ्या प्रौढ पुरुषांकडून एक शपथ लिहून घेतली होती. त्यावर सह्या किती आणि अंगठ्यासारख्या खुणा किती, ते मोजून अभ्यासकांनी अंदाज काढलाय: शंभरातल्या साधारण ३० पुरुषांना सही करता येत होती, बायकांमध्ये फार तर १०. लंडनमध्ये प्रमाण बरंच जास्त. शिवाय तिथे वाचायला आधी शिकवत आणि लिहायला नंतर, म्हणजे सही न येणाऱ्यांतही काहींना छापील अक्षर लागत असणार. आणि वाचन हे मोठ्याने व्हायचं, घरात, दारूच्या गुत्त्यात, बाजारात. पोथी लावली की वाचणारा एक आणि ऐकणारं सगळं घर, हे आपल्याला समजावून सांगायला नको. चित्राला तर अक्षरओळखही लागत नाही.

कृष्णाकाठ

पानगळ, लेख आवडला, पण सुरुवात १६४५ च्या पत्रांपासून करणं मला पटत नाही. राजा, देव आणि छापील कागद यांची गाठ त्याच्या १०० वर्षं आधी आठव्या हेन्रीने मारली.

१५३९ चं 'ग्रेट बायबल' बघा. मुखपृष्ठावर हेन्री सिंहासनावर बसलाय आणि दोन्ही हातांनी ग्रंथ वाटतोय, एकीकडे आर्चबिशप क्रॅन्मरला, दुसरीकडे थॉमस क्रॉमवेलला. ग्रंथ खाली खाली उतरत जातो आणि तळाशी उभी रयत 'राजा चिरायू होवो' म्हणतेय. देव अगदी वर, दाटीवाटीत. देवाचा शब्द राजाच्या हातून मिळतो, घ्या आणि जयजयकार करा, इतका सरळ निरोप. ज्या टिंडेलच्या भाषांतरावर हे बायबल बरंचसं उभं आहे, त्याला तीनच वर्षांपूर्वी ब्रसेल्सजवळ गळा आवळून जाळलं होतं. त्याचे नवे करार कापडाच्या गठ्ठ्यांत लपवून इंग्लंडात यायचे आणि लंडनचा बिशप ते विकत घेऊन जाळायचा.

आणि लोकांनी नुसता जयजयकार केला नाही. ते वाचू लागले, वाद घालू लागले. मग १५४३ मध्ये कायदा झाला: कारागीर, शिकाऊ उमेदवार, नोकर, शेतकरी, मजूर आणि सामान्य घरातल्या बायका, यांनी इंग्रजी बायबल वाचायचं नाही. या कायद्याबद्दल ग्लॉस्टरशरच्या एका मेंढपाळाने लिहून ठेवलंय. रॉबर्ट विल्यम्स त्याचं नाव. १५४६ मध्ये सेंटबरीच्या टेकडीवर मेंढरं राखताना त्याने एका दुसऱ्याच छापील पुस्तकाच्या कोऱ्या जागेत लिहिलं, की मेंढपाळांनी नवा करार वाचायचा नाही असं ठरलं तेव्हा मी हे पुस्तक घेतलं, देव हे आंधळेपण दूर करो. बस्स, एवढंच. त्या एका नोंदीपुढे मला राजवाड्यातली सगळी कागदपत्रं फिकी वाटतात.

दुसरं म्हणजे समासातल्या टीपा. १५६० चं जिनिव्हा बायबल घरोघर वाचलं जायचं, कारण त्यात अवघड जागी टीपा होत्या. आता 'निर्गम'मधली ती गोष्ट घ्या: हिब्रूंचे मुलगे जन्मताच मारा असा इजिप्तच्या फेरो राजाचा हुकूम, आणि सुइणी तो मोडतात. तिथे टीप म्हणते, हुकूम मोडला हे योग्य केलं, खोटं बोलल्या तेवढं वाईट. १६०४ मध्ये हॅम्प्टन कोर्टच्या परिषदेत पहिल्या जेम्सने नेमकं यावर बोट ठेवलं: ही टीप राजाची आज्ञा मोडायला शिकवते. त्याच्या आज्ञेने १६११ चं बायबल निघालं ते या असल्या टीपांना फाटा देऊन. लंडनमध्ये जिनिव्हा बायबलची छपाई १६१६ नंतर थांबली, तर ॲमस्टरडॅमहून प्रती यायला लागल्या, वर छापलेलं साल मात्र १५९९. पुढे १६४२ मध्ये ॲमस्टरडॅमलाच जेम्सचा मजकूर आणि समासात जिनिव्हाच्या टीपा असं बायबल निघालं. टीपा गाळणाऱ्या राजाच्याच भाषांतराला त्या टीपा येऊन चिकटल्या.

म्हणून माझं म्हणणं असं, की १६४९ मध्ये ज्यांनी राजावर खटला चालवला त्यांनी राजाला जाब विचारायचं बळ बायबलच्या वाचनातूनच घेतलं होतं. आणि १६६० मध्ये राजाचा मुलगा दुसरा चार्ल्स गादीवर परत आला तो पुस्तकाने नाही. १६५८ मध्ये राजाविना देश चालवणारा ऑलिव्हर क्रॉमवेल गेला, त्याच्या मुलाला सैन्य सांभाळता आलं नाही, जनरल मंक स्कॉटलंडहून फौज घेऊन लंडनला उतरला. कादंबरीतली प्रार्थना असो नसो, मंकशिवाय मे १६६० उजाडला नसता.

झुआरी

कृष्णाकाठ यांनी ॲमस्टरडॅमहून येणाऱ्या पुस्तकांचं सांगितलं, मी उलट दिशेच्या एका कागदाबद्दल सांगते. मी गोव्यातल्या सासष्टीची, त्यामुळे हा माणूस मला घरचा वाटतो.

थॉमस स्टीफन्स. विल्टशरचा इंग्रज, पंथाने कॅथलिक. एलिझाबेथच्या राज्यात त्या पंथाला उघड जागा नव्हती. तो रोमला जाऊन १५७५ मध्ये जेझुइट, म्हणजे कॅथलिक धर्मप्रसारकांच्या एका संघाचा सदस्य झाला. ४ एप्रिल १५७९ ला लिस्बनहून निघाला आणि ऑक्टोबरात गोव्याला उतरला. १० नोव्हेंबरला त्याने वडिलांना प्रवासाचं लांबलचक पत्र लिहिलं: वारे, खलाशांच्या हिरड्या सुजवणारा रोग, समुद्रावर पूर्व-पश्चिम अंतर मोजायची अडचण.

हेच पत्र १५८९ मध्ये लंडनमध्ये छापलं गेलं, रिचर्ड हॅक्लूटच्या इंग्रज दर्यावर्दींच्या प्रवासांच्या मोठ्या ग्रंथात. हॅक्लूट हा इंग्लंडच्या प्रॉटेस्टंट चर्चचा पाद्री. आणि १५८५ पासून जेझुइट पाद्रीने इंग्लंडच्या भूमीवर नुसतं असणं हाच राजद्रोह होता! म्हणजे तो माणूस स्वतः परतला असता तर फाशी गेला असता, त्याचं पत्र मात्र राजरोस छापलं गेलं, कारण हिंदुस्थानच्या सागरी वाटेची माहिती इंग्रजांना हवी होती. एलिझाबेथच्या काळात काय छापू द्यायचं हे निव्वळ पंथावर ठरत नव्हतं, याचा यापेक्षा स्वच्छ पुरावा मला दुसरा दिसत नाही.

आणि स्टीफन्सने पत्र लिहिलं त्याच १५७९ च्या नोव्हेंबरात, ३ तारखेला, लंडनमध्ये जॉन स्टब्ज नावाच्या कडव्या प्रॉटेस्टंट वकिलाचा उजवा हात मनगटापासून तोडला. गुन्हा काय, तर राणीने फ्रान्सच्या कॅथलिक राजपुत्राशी लग्न करू नये असं पुस्तक छापलं. हात तुटल्यावर त्याने डाव्या हाताने टोपी काढली, 'देव राणीला सुखी ठेवो' म्हणाला आणि कोसळला. राणीच्याच धर्माचा माणूस.

पुढचं तुम्हाला माहीत आहे. स्टीफन्सचं ओवीबद्ध ख्रिस्तपुराण १६१६ मध्ये रायतूरला छापलं गेलं, जवळजवळ ११ हजार ओव्यांचं, पण रोमन लिपीत. इथल्या लिपीत ग्रंथ छापावेत अशी इच्छा त्याने १६०८ मध्ये वरिष्ठांना लिहून कळवली होती. ती त्याच्या हयातीत पुरी झाली नाही. त्या पहिल्या आवृत्तीची एकही प्रत आज हाती नाही.

जुळारी

झुआरीताई, फारच मोलाची माहिती. देवनागरीची अडचण मी समजू शकतो. रोमनचे खिळे मोजके, देवनागरीत काना-मात्रा-वेलांट्या आणि जोडाक्षरं धरून शेकड्यांनी खिळे पाडावे लागतात. प्रत्येक खिळ्याला आधी पोलादी ठसा कोरायचा, त्यावरून मातृका (साचा), मग ओतकाम. ठसे कोरणारा कारागीर नसेल तर इच्छा असून काही होत नाही.

उमाळा

बायकांबद्दल कुणीच लिहिलं नाही म्हणून लिहिते.

राजाला मारायचं की नाही यावर सेनाधिकाऱ्यांची मंडळी खल करत होती, तेव्हा एलिझाबेथ पूल नावाची बाई त्यांच्यापुढे उभी राहिली. आपल्याला दृष्टान्त झालाय असं तिचं म्हणणं. अधिकाऱ्यांनी तिचं शांतपणे ऐकूनही घेतलं. तिचा निरोप असा: राजा हा प्रजेला नवऱ्याच्या जागी. नवरा मारायला उठला तर बायकोने त्याचा हात धरावा, पण जीव घेऊ नये. तसं राजाच्या हातून सत्ता काढा, खटला भरा, प्राण घेऊ नका. १६४९ मध्ये हे छापूनही आलं. सैन्याच्या बाजूची बाई, राजाच्या दरबाराशी काही संबंध नाही, आणि तरी राजाच्या देहाला हात लावायला तिचं मन धजत नाही. पानगळ यांच्या 'मिल्टन का हरला' या प्रश्नाचं माझ्यापुरतं उत्तर इथे आहे. मिल्टन युक्तिवाद करत होता. पूलसारख्या हजारो माणसांच्या पोटात जी भीती होती ती युक्तिवादाने हटणारी नव्हती.

याच वर्षीचं आणखी एक चोपडं आहे. डेटफर्डच्या एका मुलीला गंडमाळा झाल्या होत्या, दिसेनासं झालं होतं, आणि राजाच्या रक्तात भिजवलेला रुमाल लावल्यावर ती बरी झाली, अशी हकिगत. जिवंत राजाच्या स्पर्शाने गंडमाळा बऱ्या होतात ही जुनी श्रद्धा होतीच. आता रुमालाने होऊ लागल्या, आणि ती बातमी छापखान्याने पोचवली. कॅथलिकांचे संतांचे अवशेष अंधश्रद्धा म्हणून फेकून दिलेल्या देशात हे चाललंय हे लक्षात घ्या.

पानगळ

उमाळा, एलिझाबेथ पूल हवीच होती, आभार.

कृष्णाकाठ, मंकच्या फौजेशिवाय राजा आला नसता हे मान्यच आहे, माझा दावा तो नव्हताच. फौजेने गादी कुणालाही देता आली असती. ती स्टुअर्ट घराण्यालाच द्यायची हे ११ वर्षांनंतरही लोकांना स्वाभाविक का वाटलं, हा माझा प्रश्न. प्रजासत्ताकाने राजाचे पुतळे पाडले, शिक्के बदलले, पण घरात कपाटात ठेवून रोज उघडावं असं त्याच्या तोडीचं एकही पुस्तक दिलं नाही. मिल्टन वाचकाला म्हणतो, तुम्ही भोळसट आहात, चित्राला भुललात. 'आयकॉन' म्हणतं, माझ्याबरोबर प्रार्थना करा. शोक करणाऱ्या माणसाने कुणाचं ऐकावं?

आता ते राजाने लिहिलं होतं का? दुसरा चार्ल्स परतल्यावर जॉन गॉडन या पाद्रीने चॅन्सलर क्लॅरेंडनला खासगीत कळवलं की ते बव्हंशी माझं काम आहे. राजाच्या काही टिपणांवर त्याने ते रचलं असावं असं आज बरेच अभ्यासक मानतात. क्लॅरेंडनने त्याला लिहिलेलं उत्तर उपलब्ध आहे: हे गुपित फुटलं तर मिस्टर मिल्टनखेरीज कुणालाही आनंद होणार नाही, मला हे कुणी सांगितलंच नसतं तर बरं झालं असतं. गॉडनला एक्झिटरची आणि मग वूस्टरची बिशपची गादी मिळाली. मिल्टनची पुस्तकं १६६० मध्ये जल्लादाच्या हातून जाळली गेली. मला ही गोष्ट वाचताना दर वेळी चीड येते.

दीपमाळ

स्कॉटलंडची एक भर. १५८८-८९ मध्ये 'मार्टिन मारप्रिलेट' या टोपणनावाने बिशपांची रेवडी उडवणारी चोपडी निघाली. छापखाना गाडीत घालून या गावाहून त्या गावी हलवत, शेवटी तो मँचेस्टरजवळ पकडला गेला. पण आधीची चोपडी छापणारा रॉबर्ट वॉल्डग्रेव्ह तोवर निसटला होता. तो एडिंबराला गेला आणि सहाव्या जेम्सचा राजमुद्रक झाला! पुढे इंग्लंडचा पहिला जेम्स झाला तोच हा. राज्य कसं करावं हे जेम्सने मुलासाठी लिहिलं, ते 'बॅसिलिकॉन डोरॉन' १५९९ मध्ये याच वॉल्डग्रेव्हने छापलं, फक्त ७ प्रती. जेम्सचा हा मुलगा तरुणपणीच वारला आणि गादी धाकट्या चार्ल्सकडे गेली. 'आयकॉन'च्या शेवटीही वारसाला उपदेश आहेच. बापाचं पुस्तक ७ जणांसाठी, मुलाच्या नावचं सगळ्या देशासाठी, आणि मध्ये जेमतेम ५० वर्षं.

सावली

मग सेन्सॉरशिप अखेर उठली कशी? मिल्टनच्या 'ॲरिओपॅजिटिका'मुळेच ना?

पानगळ

नाही, आणि हे नीट सांगायला हवं. 'ॲरिओपॅजिटिका' १६४४ ची, पार्लमेंटच्याच परवाना-हुकमाविरुद्ध लिहिलेली. तेव्हा तिचा फारसा परिणाम झाला नाही. जॉर्ज थॉमसन या पुस्तकविक्याच्या प्रतीवर 'लेखकाकडून भेट' अशी लॅटिन नोंद आहे, एवढी ती ओळखीपाळखीत फिरली. हा थॉमसन २० वर्षं मिळेल ते चोपडं जमवत होता, २२ हजारांच्या आसपास, आणि बहुतेकांवर हाती आल्याची तारीख घालत होता. १६४७ मध्ये चार्ल्सने त्याच्याकडून एक चोपडं वाचायला मागवलं आणि वाटेत ते चिखलात पडलं. तो डाग आजही ब्रिटिश लायब्ररीतल्या त्या खंडावर आहे.

१६६२ मध्ये राजाच्या राज्यात परवान्याचा कायदा पुन्हा आला. राजा प्रजेला उत्तरदायी आहे असं म्हणणारं पुस्तक छापल्याबद्दल जॉन ट्विन या मुद्रकाला १६६४ मध्ये मृत्युदंड झाला. लेखकाचं नाव त्याने शेवटपर्यंत सांगितलं नाही. कायदा अखेर १६९५ मध्ये मुदत संपून पडला, कारण कॉमन्स सभेने तो पुढे चालू ठेवायला नकार दिला. त्यांच्या तक्रारी व्यवहाराच्या होत्या: स्टेशनर्स कंपनी या मुद्रक-पुस्तकविक्यांच्या संघाची मक्तेदारी, परदेशी पुस्तकांच्या पेट्या जकातीत अडकून पडणं, झडत्यांचा त्रास, पुस्तकांच्या किमती. विचारस्वातंत्र्याचं नावही त्यात नव्हतं. लंडन, यॉर्क आणि दोन विद्यापीठं यांच्याबाहेर छापखाना चालवायला असलेली बंदी त्याबरोबर गेली आणि त्याच वर्षी ब्रिस्टलमध्ये विल्यम बॉनीने आपला छापखाना मांडला.